बिली टेलर ऐकायचे कसे: जॅझ पियानोत नव्याने शिरणाऱ्यांसाठी

जॅझ पियानो ऐकायचा म्हटलं की जाणकार ठरलेली नावं पुढे करतात: आर्ट टेटम, बड पॉवेल, थेलोनियस मंक, बिल इव्हान्स. नावं बरोबरच आहेत, क्रम चुकतो. टेटम पहिल्याच दिवशी ऐकला की माणूस थक्क होतो आणि नंतर तिकडे फिरकत नाही, कारण नेमकं काय चाललंय याचा पत्ताच लागत नाही. मंकची गंमत कळायची तर ते काय मोडताहेत हे आधी ठाऊक असावं लागतं. म्हणून माझा सल्ला असा की सुरुवात बिली टेलर यांच्यापासून करावी.

टेलर यांचा जन्म २४ जुलै १९२१ चा, नॉर्थ कॅरोलिनातल्या ग्रीनव्हिल गावचा. निधन २८ डिसेंबर २०१० रोजी न्यूयॉर्कमध्ये. मधल्या काळात त्यांनी क्लबात पियानो वाजवला, रेडिओवर रेकॉर्डी लावल्या, टीव्हीवर बँड चालवला, हार्लेमच्या रस्त्यांवर ट्रकवरून मैफली केल्या, विद्यापीठात शिकवलं आणि जॅझ म्हणजे काय हे लाखो लोकांना समजावून सांगितलं. समीक्षकांनी त्यांना पहिल्या रांगेत क्वचितच बसवलं. ‘फार गुळगुळीत’, ‘फार सभ्य’ असा सूर असायचा. मला तो अर्धाच पटतो. टेलर यांची मूळ वृत्ती साथीची होती. समोरचा गाणारा, वाजवणारा किंवा नुसता ऐकणारा, त्याला जागा करून द्यायची आणि त्याचं बोट सोडायचं नाही. पेटीच्या साथीला आपल्याकडे जो मान आहे तो मनात ठेवून त्यांना ऐकलं तर तो गुळगुळीतपणा म्हणजे काय कसब आहे ते उलगडतं.

आधी नावाचा घोळ मिटवा

ही पायरी क्षुल्लक वाटेल, पण नवा माणूस इथेच अडकतो. बिली टेलर नावाचे आणखी एक जॅझ वादक होऊन गेले. ते डबल बास, म्हणजे खर्जाचं मोठं तंतुवाद्य, वाजवायचे आणि १९३० च्या दशकात ड्यूक एलिंग्टन यांच्या बँडमध्ये होते. ॲपवर दोघांच्या रेकॉर्डी बऱ्याचदा एकाच पानावर येऊन बसतात. रेकॉर्ड १९४४ च्या आधीची असेल तर ती आपल्या टेलर यांची नाही असं खुशाल समजा. शोधताना नावापुढे ‘ट्रायो’ (तिघांचा संच) किंवा ‘पियानो’ जोडा. १९७५ मध्ये त्यांनी मॅसॅच्युसेट्स विद्यापीठाची डॉक्टरेट मिळवली, तेव्हापासून सगळे त्यांना डॉ. बिली टेलर म्हणू लागले. ‘डॉक्टर’ लावून शोधलं तर मुलाखतीही नीट सापडतात.

आणि सेसिल टेलर हे वेगळे गृहस्थ. तेही पियानोवालेच, पण तो रस्ता पूर्ण उलट दिशेचा. चुकून तिथे पोचलात तर घाबरू नका, फक्त अजून वेळ आलेली नाही असं म्हणून परत या.

पायरी १: एकच चाल, तीनदा

सुरुवातीला पूर्ण अल्बम ऐकू नका. ‘आय विश आय न्यू हाउ इट वुड फील टू बी फ्री’ ही एकच रचना घ्या. टेलर यांनी ती १९५० च्या दशकाच्या सुरुवातीला आपल्या लहान मुलीसाठी, किमसाठी, बांधली. शब्द त्यांचे आणि डिक डॅलस यांचे. १९६३ मध्ये त्यांनी ती रेकॉर्ड केली आणि पुढे ती नागरी हक्कांच्या चळवळीचं गाणं झाली. मार्टिन ल्यूथर किंग यांना ही चाल आवडायची आणि ते ती आवर्जून वाजवायला सांगायचे, असं टेलर सांगत. इंग्लंडमधल्या लोकांना ती वेगळ्याच कारणाने पाठ आहे: बीबीसीचा सिनेमावरचा कार्यक्रम वर्षानुवर्षं याच पियानोच्या सुरांनी सुरू व्हायचा.

पहिल्या ऐकण्यात फक्त चाल गुणगुणा. कृष्णवर्णीयांच्या चर्चमध्ये जे गॉस्पेल गातात त्या वळणाची, सरळ आणि छोटी चाल आहे. पाच मिनिटांत ओठांवर बसते. शब्द समजायची गरज नाही, टेलर यांच्या रेकॉर्डीत ते नाहीतच.

दुसऱ्यांदा चाल सोडून द्या आणि हात ऐका. तीच चाल पुन्हा पुन्हा येते, पण दर फेरीला स्वरांचे गुच्छ भरत जातात, डावा हात जड होत जातो. नवीन काहीच सांगितलं जात नाही, तरी ताण वाढतो. हे कसं होतं ते शब्दांत पकडायचा प्रयत्न करू नका, कुठे होतं तेवढं टिपा.

तिसऱ्यांदा नीना सिमोन यांनी १९६७ मध्ये गायलेलं तेच गाणं ऐका. बहुतेक लोकांना हे गाणं त्यांचंच वाटतं आणि तसं वाटण्यात काही गैर नाही, इतकं ते त्यांनी आपलंसं केलं आहे. सिमोन स्वतः उत्तम पियानो वाजवायच्या. मग लगेच पुन्हा टेलर यांच्याकडे या. आता तुम्हाला शब्द ठाऊक आहेत आणि पियानो ते शब्द कसे ‘म्हणतो’ ते कळेल. एखाद्या अक्षरावर जरा रेंगाळणं, ओळीच्या शेवटी श्वास घेणं, हे सगळं बोटांत आहे.

पायरी २: मोजायला शिका

जॅझ ऐकताना ‘हे कुठे चाललंय’ असं वाटण्याचं कारण एकच: फेरी कुठे सुरू होते आणि कुठे संपते ते माहीत नसणं. तबल्याचं आवर्तन मोजायची सवय असलेल्या कानाला हे फार लवकर जमतं.

खूपशा जॅझ रचना बत्तीस मापांच्या असतात. एका मापात चार मात्रा, म्हणजे एका फेरीत एकशे अठ्ठावीस. ही फेरी म्हणजे एक ‘कोरस’. त्याचे आठ-आठ मापांचे चार तुकडे पडतात: पहिला, तोच पुन्हा, मग वेगळा, मग पुन्हा पहिला. तिसऱ्या तुकड्याला ‘ब्रिज’ म्हणतात. जॉर्ज गर्श्विन यांचं १९३० चं ‘आय गॉट रिदम’ या साच्याचं ठळक उदाहरण. मूळ गाण्यात शेवटी दोन मापं जास्त आहेत, जॅझवाले ती गाळून बत्तीसच धरतात. या एका गाण्याच्या सांगाड्यावर बीबॉपवाल्यांनी, म्हणजे १९४० च्या दशकातल्या वेगवान, गुंतागुंतीच्या नव्या जॅझच्या वादकांनी, ढीगभर नव्या चाली बसवल्या.

सुरुवातीला सगळे मिळून मूळ चाल वाजवतात, तिला ‘हेड’ म्हणतात. मग एकेक जण त्याच सांगाड्यावर आपलं आपलं वाजवतो. शेवटी पुन्हा हेड. म्हणजे मधल्या सोलोच्या वेळी चाल ऐकू येत नसली तरी खाली ती फिरतच असते. मनातल्या मनात मूळ गाणं म्हणत राहा. ब्रिज आला की पियानोचा रंग बदलतो. तो बदल तुमच्या मोजण्याशी जुळला की काम फत्ते.

आता टाळीबद्दल. आपला हात आपोआप पहिल्या मात्रेवर पडतो. जॅझमध्ये टाळी किंवा चुटकी दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर द्यायची असते. ड्रमवाल्याच्या पायाखालच्या दोन झांजा, ज्यांना हाय-हॅट म्हणतात, त्या याच मात्रांवर मिटतात. तो ‘चिक्’ असा आवाज धरून चुटकी द्या. पहिले काही दिवस हात पुन्हा पुन्हा पहिल्या मात्रेवर घसरेल, सगळ्यांचा घसरतो.

ज्यांना हे अगदीच परकं वाटतं त्यांनी एकदा सी. रामचंद्र आठवावेत. ‘शोला जो भडके’ ऐकून वाढलेल्या कानाला स्विंग हा जॅझचा डोलायला लावणारा ठेका अनोळखी नाही. ‘अलबेला’च्या त्या बाजामागे मुंबईच्या हॉटेलांत जॅझ वाजवणारे गोव्याचे वादक होते आणि त्यांतले ट्रंपेटवाले चिक चॉकलेट तर पडद्यावरही दिसतात.

पायरी ३: ट्रायो ऐका, पण पियानोपासून नको

पियानो, बास आणि ड्रम हा टेलर यांचा हक्काचा संच. १९५० च्या दशकात बराच काळ बासवर अर्ल मे होते. ड्रमवर आधी चार्ली स्मिथ, मग पर्सी ब्राइस, नंतर एड थिगपेन. त्या दशकातलं कुठलंही ट्रायो रेकॉर्डिंग घ्या आणि पहिल्यांदा फक्त बास ऐका. मोबाइलच्या स्पीकरवर बास ऐकूच येत नाही, त्यामुळे इथे हेडफोन लागतोच. बासवाला बहुतेक वेळ दर मात्रेला एक स्वर देत चालत असतो. तो धरला की पियानोचा डावा हात इतका मोकळा का वाटतो ते लक्षात येतं: खालचा स्वर बासने सांभाळलेला असतो, म्हणून डाव्या हाताला तो द्यावा लागत नाही.

याच्या आधीच्या पिढीचा डावा हात ऐकायचा असेल तर फॅट्स वॉलर यांची एखादी रेकॉर्ड लावा. एक स्वर खाली, एक गुच्छ वर, असा हात सारखा उड्या मारतो. ही ‘स्ट्राइड’ पद्धत. टेलर तिच्यावर वाढले. त्यांचे एक काका स्ट्राइड वाजवत. पण टेलर यांना बीबॉपही आलं, आणि या दोन पिढ्यांमधला पूल म्हणजे त्यांचं वादन. १९४९ मध्येच त्यांनी बीबॉप पियानो शिकवणारं एक छोटं पुस्तक काढलं होतं. ते वादन तेव्हा क्लबांच्या बाहेर कुणी धड समजावूनही सांगत नव्हतं.

पायरी ४: कँडिडो यांच्याबरोबरचं १९५४ चं रेकॉर्डिंग

मराठी घरातल्या माणसाला मी हा अल्बम सर्वांत आधी देईन. प्रेस्टिज कंपनीने काढलेला, नावच ‘द बिली टेलर ट्रायो विथ कँडिडो’. कँडिडो कामेरो हे क्यूबाचे कोंगावादक. एकाहून जास्त कोंगा वेगवेगळ्या स्वरांत लावून ते एकट्याने वाजवायचे. आपल्याला हाताने वाजणाऱ्या चामड्याचा आवाज जवळचा, त्यामुळे इथे कान लगेच बसतो. ‘मॅम्बो इन’ लावा. सुरुवातीला कोंगा ऐका, कारण तुम्ही ते ऐकणारच. मग पियानोवर या. पियानो इथे ताल धरतो, छोट्या छोट्या वाक्यांत बोलतो आणि कोंगा बोलायला लागला की मागे सरतो. न्यूयॉर्कला आल्यावर टेलर काही काळ माचितो यांच्या क्यूबन बँडमध्ये वाजवत होते, ते शिक्षण इथे कामाला आलं आहे.

‘लव्ह फॉर सेल’ही याच अल्बमात आहे. त्याची फेरी नेहमीच्या दुप्पट, म्हणजे चौसष्ट मापांची. मोजणं जमायला लागलं असेल तर परीक्षा म्हणून घ्या, नाहीतर सोडा.

पायरी ५: ओळखीची गोष्ट, अनोळखी कपड्यांत

१९५७ चा ‘माय फेअर लेडी लव्ह्ज जॅझ’. ब्रॉडवेवर तेव्हा ‘माय फेअर लेडी’ हे संगीत नाटक जोरात चालू होतं. त्यातली गाणी टेलर यांनी ट्रायोभोवती छोटा वाद्यवृंद घेऊन वाजवली. वाद्यवृंदाची मांडणी क्विन्सी जोन्स यांची, तेव्हा ते चोविशीतले. शॉच्या ‘पिग्मॅलियन’वरून पु. लं. नी केलेली ‘ती फुलराणी’ आपल्याला पाठ असते, त्यामुळे फुलवालीला ‘सभ्य’ भाषा शिकवणाऱ्या त्या प्रोफेसरची गोष्ट नव्याने सांगायला नको. मूळ गाणी आधी एकदा ऐका आणि मग हा अल्बम. चाल माहीत असली की वादक तिचं काय करतो ते दिसतं. जॅझचं अर्धं शिक्षण यातच आहे. पहिल्या पंधरवड्यासाठी एवढं पुष्कळ झालं.

पायरी ६: आता माणूस समजून घ्या

वडील दंतवैद्य, आई शिक्षिका, वाढ वॉशिंग्टन शहरात. पियानो शिकवणारे हेन्री ग्रँट, ज्यांच्याकडे पूर्वी ड्यूक एलिंग्टन शिकले होते. व्हर्जिनिया स्टेट कॉलेजात टेलर समाजशास्त्र शिकायला गेले. तिथे संगीताच्या प्राध्यापिका अनडीन स्मिथ मूर यांनी, तू संगीतच शिकायला हवंस, असं बजावलं. त्यांनी विषय बदलला आणि १९४२ मध्ये पदवी घेतली.

१९४४ मध्ये ते न्यूयॉर्कला आले. तेव्हा बावन्नाव्या रस्त्यावर, फिफ्थ आणि सिक्स्थ ॲव्हेन्यूंच्या मध्ये, जुन्या घरांच्या तळमजल्यांत आणि तळघरांत एकाला लागून एक जॅझ क्लब होते. त्यांतल्या ‘थ्री ड्यूसेस’मध्ये सॅक्सोफोनवाले बेन वेबस्टर यांच्या चौकडीत टेलर यांना जागा मिळाली. नव्याने आलेल्या पोरासाठी हे भलतंच नशीब. त्याच क्लबात आर्ट टेटमही वाजवत आणि टेटम यांनी टेलर यांना पंखाखाली घेतलं. १९४६ मध्ये डॉन रेडमन यांच्या बँडबरोबर ते युरोपला गेले. महायुद्ध संपल्यावर तिकडे पोचलेला हा पहिला अमेरिकी जॅझ बँड.

पण त्यांच्या कारकिर्दीची खरी किल्ली आहे ‘बर्डलँड’. सॅक्सोफोनवाले चार्ली पार्कर यांच्या ‘बर्ड’ या टोपणनावावरून नाव पडलेला हा क्लब डिसेंबर १९४९ मध्ये ब्रॉडवेवर उघडला आणि टेलर तिथले हाउस पियानिस्ट झाले. हाउस पियानिस्ट म्हणजे क्लबाचा बांधलेला वादक. या आठवड्यात पार्कर येतील, पुढच्या आठवड्यात डिझी गिलेस्पी, मग आणखी कुणी. प्रत्येकाची लय वेगळी, स्वभाव वेगळा, गाणी वेगळी. कोणाला मागे भरगच्च लागतं, कोणाला मोकळी जागा. तुम्ही काय वाजवता यापेक्षा कधी वाजवत नाही याला इथे किंमत. असे दोन हंगाम काढल्यावर माणूस कोणाहीबरोबर वाजवू शकतो. टीव्हीवर पुढे त्यांनी जे केलं त्याची तालीम इथे झाली.

पायरी ७: टीव्हीवरचा बँड बघा, नुसता ऐकू नका

१९५८ मध्ये एनबीसीने ‘द सब्जेक्ट इज जॅझ’ नावाची तेरा भागांची मालिका केली. जॅझ समजावून सांगणारी अमेरिकी टीव्हीवरची ही पहिली मालिका. बोलण्याचं काम समीक्षक गिल्बर्ट सेल्डिस यांचं, संगीत दिग्दर्शन टेलर यांचं. पाहुण्यांत एलिंग्टन, कवी लँग्स्टन ह्यूज, गायक जिमी रशिंग असे लोक. यूट्यूबवर काही भाग सापडतात. सेल्डिस यांचं निवेदन आज जरा पंतोजी छापाचं वाटतं. तेव्हा चहा करून यायला हरकत नाही. पण बँड वाजवायला लागला की कॅमेरा टेलर यांच्या हातांवर जातो, ते चुकवू नका. मान ताठ, मनगटं स्थिर, बोटांची हालचाल कमीत कमी. इतके स्वर नेमके येतात कुठून, असा प्रश्न पडतो. याच बँडमध्ये ट्रंपेटवर डॉक सेव्हरिन्सन होते, जे पुढे ‘टुनाइट शो’ या टॉक शोच्या बँडचे नायक झाले.

टेलर यांना तशी खुर्ची मिळाली १९६९ मध्ये, ‘डेव्हिड फ्रॉस्ट शो’ची. हे तेच ब्रिटिश फ्रॉस्ट, ज्यांनी १९७७ मध्ये निक्सन यांची गाजलेली मुलाखत घेतली. शो न्यूयॉर्कच्या ‘लिटल थिएटर’मध्ये प्रेक्षकांसमोर रेकॉर्ड व्हायचा आणि देशभरच्या स्टेशनांना जायचा. अमेरिकेतल्या एखाद्या मोठ्या टॉक शोचा बँड चालवणारे टेलर हे पहिले कृष्णवर्णीय संगीतकार मानले जातात. तोवर टीव्ही कंपन्यांच्या पगारी वाद्यवृंदांत कृष्णवर्णीय वादक हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच असत, हे लक्षात घेतलं तर या नेमणुकीचं वजन कळतं. त्यांनी बँडमध्ये फ्रँक वेस, जिमी ओवेन्स, बॉब क्रॅनशॉ असे खणखणीत जॅझवाले घेतले.

अशा बँडचं काम काय असतं ते समजून घेऊन क्लिपा पाहा, नाहीतर बँड दिसतच नाही. पाहुणा पडद्यामागून खुर्चीपर्यंत चालत येतो त्या काही सेकंदांत त्याला शोभेल असं काहीतरी वाजवायचं. पाहुणा नट आहे, राजकारणी आहे की मुष्टियोद्धा, त्यावर ते ठरतं. जाहिरातीकडे जाताना एक तुकडा, परत येताना दुसरा, आणि तो बरोबर त्या सेकंदाला थांबला पाहिजे. घरच्या प्रेक्षकांना जाहिरात दिसत असताना थिएटरातल्या प्रेक्षकांसाठी बँड वाजवतच असतो. उत्तम वादन बऱ्याचदा तिथेच होऊन जातं आणि प्रसारित होतच नाही. मधेच एखादा गायक येतो, त्याची पट्टी वेगळी, कागद त्याने आणलेले, तालीम नावापुरती. बँडनायक पियानोवर बसून एका हाताने इशारे करतो आणि डोळा फ्लोअर मॅनेजरवर ठेवतो.

एक क्लिप मुद्दाम शोधा. फेब्रुवारी १९७१ मध्ये लुई आर्मस्ट्राँग या शोमध्ये बिंग क्रॉस्बींबरोबर आले होते. आर्मस्ट्राँग यांची तब्येत ढासळलेली होती. जुलैमध्ये ते गेले. ते बोलता बोलता गायला लागतात आणि टेलर यांचा पियानो त्यांच्याखाली अलगद येऊन बसतो. आवाज थकलेला आहे, श्वास कमी पडतोय, आणि पियानो त्याला कुठेही घाई करत नाही, कुठेही झाकत नाही. बर्डलँडचा हाउस पियानिस्ट म्हणजे काय ते मला इतकं स्पष्ट दुसरीकडे कुठे ऐकायला मिळालेलं नाही.

फ्रॉस्ट शोच्या बँडचा ‘ओके बिली!’ हा अल्बम १९७० चा. खरं सांगायचं तर तो मला बेताचाच वाटतो. त्या वेळच्या फॅशनची छाप जास्त आहे. आवड जडली की ऐका. शो १९७२ मध्ये बंद झाला.

पायरी ८: त्यांचं बोलणं ऐका

जॅझ शिकणारे लोक हा भाग टाळतात, आणि टेलर यांच्या बाबतीत तो टाळला तर निम्मा माणूस हातचा जातो. १९६० च्या दशकात ते हार्लेमच्या डब्ल्यूएलआयबी या रेडिओ स्टेशनवर डिस्क जॉकी होते, पुढे कार्यक्रम संचालकही. वादकानेच वादकांची ओळख करून द्यायची, त्यामुळे रेकॉर्ड कोणी काढली एवढं सांगून ते थांबत नसत, तिच्यात काय ऐकायचं तेही सांगत. १९६४ मध्ये त्यांनी हार्लेममध्ये ‘जॅझमोबाइल’ सुरू करायला हात दिला: ट्रकवर मंच बांधायचा, वस्तीत न्यायचा, आणि क्लबाचं तिकीट ज्यांना परवडत नाही त्यांच्या दारात नामवंत वादक फुकट वाजवणार. ती संस्था आजही चालू आहे.

मग एनपीआर या सार्वजनिक रेडिओवर १९७७ पासून ‘जॅझ अलाइव्ह’. १९८१ पासून सीबीएस टीव्हीच्या ‘संडे मॉर्निंग’वर कलावंतांच्या ओळखी, अडीचशेहून जास्त, त्यांतल्या क्विन्सी जोन्स यांच्यावरच्या भागाला एमी पुरस्कार मिळाला. १९९४ पासून वॉशिंग्टनच्या केनेडी सेंटरमध्ये जॅझचे कला सल्लागार, आणि तिथून रेडिओवर जाणारी मैफलींची मालिका. नव्या माणसाने ही केनेडी सेंटरची मालिका शोधावी; एनपीआरच्या संकेतस्थळावर तिचे काही भाग आहेत. ढाचा साधा: टेलर यांचा ट्रायो, एक पाहुणा, प्रेक्षकांचे प्रश्न. कोणीतरी अगदी बाळबोध प्रश्न विचारतो आणि टेलर पियानोकडे वळून उत्तर वाजवून दाखवतात.

जॅझ हे अमेरिकेचं शास्त्रीय संगीत आहे हा त्यांचा आवडता सिद्धान्त तुम्हाला इथे वारंवार भेटेल. शास्त्रीय संगीताबरोबर वाढलेल्यांना तो थोडा खटकतो, मलाही खटकायचा. पण तो कुठल्या देशात, कोणाला उद्देशून मांडला जात होता ते पाहावं: जॅझला दारूच्या गुत्त्यातलं वाजंत्री समजणाऱ्या शाळा, विद्यापीठं आणि अनुदान समित्यांना. तिथे हे वाक्य हत्यार म्हणून चोख होतं.

पायरी ९: घरी कीबोर्ड असेल तर

पेटी येणाऱ्यांसाठीसुद्धा ही पायरी आहे, फक्त दोन्ही हात मोकळे हवेत, म्हणून साधा कीबोर्ड बरा. पांढरी एक, म्हणजे इंग्रजी ‘सी’, सा धरा. डाव्या हाताने, मध्य सप्तकाच्या आसपास, हे तीन गुच्छ एकामागून एक दाबा:

म ध सां गं
म ध नि गं
ग प नि रें

पहिल्यातून दुसऱ्यात जाताना फक्त एक बोट हलतं, सां वरून नि वर. दुसऱ्यातून तिसऱ्यात नि जागेवर राहतो, बाकी तिन्ही स्वर एकेक पायरी खाली उतरतात. जॅझमधलं सर्वांत जास्त वापरलं जाणारं वळण हेच, ‘टू-फाइव्ह-वन’. तिन्ही गुच्छांत मूळ स्वर नाही हे पाहा: पहिल्यात रे नाही, दुसऱ्यात प नाही, तिसऱ्यात सा नाही. ते बासवाल्याचे. मित्राला खाली रे, प, सा वाजवायला सांगा किंवा मोबाइलवर बास लावा. एकदम खोली भरल्यासारखी वाटते. टेलर यांच्या पिढीने डावा हात असा हलका केला.

आधी संथ, दर गुच्छाला चार मात्रा, चुटकी दोन आणि चारवर. शिक्षकांकडे जाऊन पट्ट्या बदलून घेणं नंतर. एवढं आठवडाभर केलं की ट्रायोच्या रेकॉर्डीत हेच वळण जागोजागी ओळखू यायला लागतं.

टेलर यांचा डावा हात मात्र याहून पुष्कळ पुढचा. एखादं अख्खं गाणं, चाल आणि भरणा दोन्ही, ते केवळ डाव्या हाताने वाजवून दाखवत. उतारवयात पक्षाघाताचा झटका येऊनही ते पुन्हा मंचावर वाजवायला बसले.

आणि पुढे

टेलर यांचा कंटाळा यायला लागला तर समजा की गाडी रुळावर आली आहे. आता आर्ट टेटम लावा. लोंढ्यातली फेरी तुम्हाला मोजता येईल. मग बड पॉवेल, मग मंक. स्त्री पियानोवादकांत मेरी लू विल्यम्स यांच्यापासून सुरू करा. १९५९ चा टेलर यांचा चार बासऱ्यांबरोबरचा अल्बम, ‘विथ फोर फ्लूट्स’, बासरीवेड्यांनी कुतूहल म्हणून ऐकावा; आपल्या बासरीची मिंड तिथे शोधू नका, ती पाश्चात्त्य बासरी आहे आणि काम जोडीने वाक्यं म्हणण्याचं आहे. १९८८ चा ‘सोलो’ मात्र शेवटासाठी राखून ठेवा. तिथे बास नाही, ड्रम नाही, पाहुणा नाही, आणि आयुष्यभर दुसऱ्याला जागा करून देणारा माणूस सगळी जागा स्वतः कशी वापरतो ते ऐकायला आधीचं सगळं ऐकलेलं असलेलं बरं.